कल्पित जगातील परीस लिहिताना या चुका टाळा

अद्भुतकथा लिहिणाऱ्या नव्या लेखकांच्या संहिता वाचताना एक उणीव वारंवार जाणवते. जगाचा नकाशा, राजघराण्यांच्या वंशावळी आणि युद्धे यांवर भरपूर मेहनत घेतलेली असते, परंतु ज्या किमयेच्या वस्तूभोवती सगळी कथा फिरते, ती वस्तू मात्र दोन ओळींत उरकलेली असते. पुढे कथा अडते, ती बहुधा याच ठिकाणी. सोयीसाठी एक उदाहरण सोबत ठेवू. समजा, तुमच्या जगात एक पुरातन मूस आहे आणि तिच्यात वितळवलेले शिसे सोने होऊन बाहेर पडते, अशी तिची ख्याती आहे.

नायकाने मूस मिळवली की कथेत करण्यासारखे काहीच उरत नसेल, तर तुम्ही वस्तू दिली आहे, पण तिची प्रक्रिया दिलेली नाही, असे समजावे. ही सर्वांत मोठी चूक आहे. भारतीय रसशास्त्रात, म्हणजे पारा आणि धातूंवरील प्रक्रियांच्या जुन्या विद्येत, पाऱ्यावर अठरा संस्कार सांगितले आहेत. स्वेदन, मर्दन आणि मूर्च्छन यांपासून सुरुवात होते, मग जारण, रंजन, सारण, क्रामण असे टप्पे येतात, आणि कमी मोलाच्या धातूचे सोने करणारा ‘वेध’ सतराव्या क्रमांकावर असतो. त्यानंतरचा अठरावा संस्कार म्हणजे त्या पाऱ्याचे सेवन. ‘यथा लोहे तथा देहे’ हे ‘रसार्णव’ या रसशास्त्रीय ग्रंथातील सूत्र हाच क्रम सांगते: आधी धातूवर परीक्षा करावी, मगच देहावर प्रयोग करावा. म्हणजे या विद्येत सोने ही केवळ चाचणी होती आणि खरे उद्दिष्ट देहसिद्धी, म्हणजे निरोगी आणि चिरकाल टिकणारा देह, हे होते. तुमच्या मुशीलाही असे टप्पे द्या आणि कोणत्या टप्प्यावर काय बिघडू शकते हे स्वतःसाठी लिहून ठेवा. पारा ३५७ अंश सेल्सिअसला उकळतो, त्याची वाफ विषारी असते आणि ती वर्षानुवर्षे श्वासावाटे शरीरात गेली तर हात थरथरू लागतात. सगळी विद्या मुखोद्गत असलेला, परंतु मूस स्थिर धरू न शकणारा वृद्ध रसवैद्य एवढ्या एका वस्तुस्थितीतून उभा राहतो, आणि त्याला शिष्याची गरज का पडली, हे वेगळे सांगावे लागत नाही.

दुसरी चूक पोथीच्या बाबतीत होते. प्राचीन ग्रंथ सापडतो, नायक तो वाचतो आणि पहिल्याच प्रयत्नात कृती साधते. अल्-बिरुनी या मध्ययुगीन विद्वानाने इसवी सन १०३० च्या सुमारास लिहिलेल्या भारतवर्णनात उज्जयिनीच्या व्याडीची दंतकथा दिली आहे. रसायनाच्या नादात सर्वस्व गमावलेला व्याडी वैतागून ग्रंथाची पाने एकेक करून नदीत सोडतो, आणि प्रवाहाच्या खालच्या बाजूला बसलेली एक गणिका ती गोळा करून त्याला पुन्हा प्रयोग करण्यासाठी मदत देऊ करते. त्याची कृती फसत होती, कारण ‘रक्तामल’ या शब्दाचा अर्थ त्याने तांबडा आवळा असा घेतला होता. प्रत्यक्षात तेल आणि मनुष्याचे रक्त ही दोन्ही हवी होती. शेवटी भाजलेल्या डोक्याला तेल चोपडून उठताना छतातील खुंटी लागून डोके फुटते, रक्त आणि तेल कढईत ठिबकते आणि औषध सिद्ध होते. एका शब्दाच्या चुकीच्या वाचनावर सगळी कथा उभी आहे. आपल्या पोथीतही असा एक शब्द ठेवावा, परंतु त्याचे दोन्ही अर्थ वाचकासमोर आधीच येऊन गेलेले असावेत, नाहीतर शेवटचा उलगडा फसवणुकीसारखा वाटतो.

तिसरी चूक वजनाची आहे आणि ती सुधारणे सर्वांत सोपे आहे. एक लिटर सोने १९.३ किलो भरते, त्यामुळे दहा लिटरची भरलेली कळशी कमरेवर घेऊन पळणारी नायिका लिहिता येणार नाही. शिसे तेवढ्याच आकारमानाचे शिल्लक राहून सोने झाले, तर त्याचे वजन सुमारे १.७ पट होईल. वजन तेच राहिले, तर आकार सुमारे ५९ टक्के उरेल. यांपैकी कोणता नियम तुमच्या जगात चालतो हे ठरवा, कारण मुशीत खरेच काही घडले की कुणी हातचलाखी केली, हे तराजू सांगू शकेल.

सोन्याच्या बाजाराकडे दुर्लक्ष करणे हीदेखील तितकीच गंभीर चूक आहे. पश्चिम आफ्रिकेतील माली साम्राज्याचा सम्राट मन्सा मुसा १३२४ मध्ये कैरोत आला आणि त्याने इतके सोने वाटले की तिथे सोन्याचा भाव पडला. इंग्लंडमध्ये किमयेने सोने वाढवण्यावर १४०४ मध्ये कायद्याने बंदी आली आणि ती १६८९ पर्यंत टिकली. तुमच्या मुशीची बातमी फुटताच राजा ती जप्त तरी करील किंवा किमयागाराला कोंडून तरी ठेवील. सॅक्सनीच्या ऑगस्टस राजाने योहान ब्योटगर याला सोने करून देण्यासाठी असेच नजरकैदेत ठेवले होते. सोने झाले नाही, पण त्याच्या प्रयोगांतून चिनी मातीची भांडी बनवण्याचे तंत्र साधले आणि १७१० मध्ये माइसनचा कारखाना उभा राहिला. फसलेल्या प्रयोगातून दुसरेच काही मोलाचे निघणे, ही वाट लेखकांनी फार कमी वापरली आहे, याची मला खंत वाटते.

उरते मर्यादा. परीस लोखंडाचे सोने करतो, पण आपल्यासारखा दुसरा परीस घडवत नाही आणि त्या सोन्याने दुसरे लोखंड पालटत नाही, असे दासबोधातील सद्गुरुस्तवनात म्हटले आहे. आपल्या मुशीलाही एवढीच नेमकी मर्यादा पुरते. आणि वस्तू शेवटी नष्ट करायची असेल, तर ती कुणाची होती याचा विसर पडू देऊ नका. परिसा भागवतांच्या पत्नीने नामदेवांच्या राजाईला गुपचूप परीस दिला आणि नामदेवांनी तो चंद्रभागेत टाकला, ही आख्यायिका आपल्याकडे घरोघरी ठाऊक आहे. त्या कथेतील खरा पेच उसनवारीचा आहे: परीस नदीत गेल्यावर राजाईला मैत्रिणीला तोंड द्यायचे असते, आणि त्या मैत्रिणीला आपल्या नवऱ्याला.