तरण्या नटाची म्हातारी दाढी: गावच्या नाटकासाठी

1924 च्या एका जर्मन मूकपटात एमिल यानिंग्जने हॉटेलचा म्हातारा दरवान केला, तेव्हा तो जेमतेम चाळिशीचा होता. खानापूर-निपाणीकडच्या यात्रेतल्या नाटकातही आजोबा बहुतेक तरण्याच नटाच्या वाट्याला येतात.

क्रेपची, म्हणजे दाढीसाठीच्या नकली केसांची, वेणी आदल्या रात्री सोडा, ओली करून ताणून बांधा. नाहीतर केस कुरळेच राहतात आणि दाढी मेंढीच्या लोकरीसारखी दिसते. पांढऱ्यात थोडा करडा मिसळा. निव्वळ पांढरी दाढी दिव्याखाली कापसासारखी चमकते.

नटाने सकाळीच दाढी करावी, ऐन वेळी केल्यास केस चिकटवायचा गोंद (स्पिरिट गम) झोंबतो. गोंद मनगटावर आदल्या दिवशी लावून बघा. चेहरा कोरडा हवा, दाढीच्या जागी क्रीम किंवा रंग नको. त्यावर गोंद धरत नाही. पातळ थर द्या आणि बोटाने टिपत राहा. तार सुटू लागली की केस लावायचे. ओल्यातच लावले तर ते सरकतात, ही चूक सर्रास होते.

सुरुवात हनुवटीच्या खालून, मग थरावर थर वर चढवा, कौलं घालतात तसे. ओठाखाली अर्धं बोट जागा मोकळी सोडा, नाहीतर प्रत्येक वाक्याला केस तोंडात. शेवटी कात्रीने टोकं असमान छाटा.

काढताना ओढू नका. स्पिरिटचा बोळा कडेने फिरवा, मग खोबरेल.