नादकाच घडवताना

कल्पित जगातला दगड लिहायचा असेल तर आधी खरा दगड हातात घ्या. नादकाच, म्हणजे जमिनीत आपोआप तयार होणारी आणि आवाज धरून ठेवणारी काच, मला सुचली ती लोणारमुळे. माझं माहेर मेहकरचं, त्यामुळे ते विवर लहानपणापासून पाहिलेलं. सुमारे १.८ किलोमीटर रुंद, काळ्या पाषाणात अशनी आदळून झालेलं. तिथल्या खडकात मॅस्केलिनाइट सापडतं. मुळात ते फेल्डस्पार, काळ्या पाषाणातलं एक नेहमीचं खनिज. ते वितळलं नाही. आघाताच्या दाबानेच त्याच्या स्फटिकांची घडी मोडली आणि त्याची काच झाली. आवाज तरी काय, दाबाचीच लाट, फक्त फार हलकी. दाबाची लाट दगडाची काच करते हे खरं आहे. त्या काचेत लाटेचा ठसा उरतो, ही माझी थाप. एवढी एकच थाप मारा. दुसरी मारलीत की वाचकाला पहिलीही खोटी वाटू लागते.

मग वेळ ठरवा. काच म्हणजे घाईत थिजलेला दगड. रस सावकाश निवला तर स्फटिक जुळतात, झटकन निवला तर कणांना आपापली जागा धरायला सवडच मिळत नाही. लाव्हा खडकाच्या भेगेत शिरून थिजतो तेव्हा हे नीट दिसतं: थंड खडकाला टेकलेली कड बारीक पोताची, कधी काचेसारखी, आणि मधला गाभा भरड. म्हणून माझ्या जगातले पाथरवट बोटभर कड तेवढी काढतात, गाभा टाकून देतात. आणि त्या कडेत आवाज असतो तो थिजण्याच्या क्षणाचाच. पुढचा-मागचा नाही.

इथेच माझी पहिली कथा फसली होती. मी काचेत अंगाईगीतं घातली, शपथा घातल्या, खुन्याची कबुलीही घातली. पण धगधगत्या लाव्ह्याशेजारी उभं राहून अंगाई कोण म्हणणार? कथा फाडली आणि विजेकडे वळले. वाळूत वीज पडली की वाळू वितळून पोकळ नळी होते, तिला फुल्गुराइट म्हणतात. बाहेरून कण चिकटून खरखरीत, आतून गुळगुळीत. क्वार्ट्झची वाळू वितळायला सुमारे १७०० अंश सेल्सिअस लागतात, ते वीज क्षणात देते. म्हणजे प्रत्येक नळीत गडगडाटच असणार. आणि त्याच्या तळाशी, त्या पावसात कोणी बाहेर असेल तर त्याचा आवाज. शेळ्या वळायला गेलेल्या मुलीची हाळी. हे सापडल्यावर कथा मला शोधावी लागली नाही: मुलगी परतली नाही, आणि तिची आई बाजारात नळ्या विकत घेत फिरते, गडगडाटाखाली कान लावून.

आवाज ऐकायचा कसा, यासाठी मंत्र नको. माठ घेताना आपण टिचकी मारतोच ना? माझे आजोबा पाथरवट. सुतकीने ठोकून ते दगडाचं पोट सांगत. आत चीर असली की आवाज बद्द येई. माझ्या जगातही नखाने टिचकी मारतात. काच शहारते आणि धरलेलं बोलते.

सगळ्यात जास्त वेळ द्या तो आवाज जातो कसा यावर, कारण हरवू शकत नाही अशा वस्तूसाठी कोणी रडत नाही. खरी काच याबाबतीत फार उदार आहे. काचेतले ताण घालवायला ती तापवून हळूहळू निववतात. म्हणजे नादकाच चुलीजवळ राहिली की पुसली गेली. ऑब्सिडियन म्हणजे ज्वालामुखीच्या लाव्ह्याची काच. तिच्यात पाणी पृष्ठभागातून इतक्या सावकाश मुरतं की त्या थराची जाडी मोजून पुरातत्त्वज्ञ जुन्या हत्यारांचं वय काढतात. आता जोडून पाहा. बाहेरचा थर आधी थिजतो, म्हणून आवाजाची सुरुवात बाहेर आणि शेवट आत. पाणी बाहेरून खातं. तेव्हा जुन्या काचेतून पहिला शब्द जातो. हे मी ठरवलं नाही, दगडानेच सांगितलं. शिवाय काही ऑब्सिडियनमध्ये हिमकणांसारखे पांढरे स्फटिक उगवतात. तिथे तिथे आवाजाला भोक.

शेवटी नावं. ‘नादकाच’ हा माझा शब्द. तो पात्रांच्या तोंडी घालू नका. रोज हाताळणारी माणसं छोटी नावं ठेवतात. पांढरे ठिपके आलेली ती ढवळी, चुलीने पुसलेली ती मुकी, पहिला शब्द गेलेली ती बिनतोंडी. माझ्या कथेतली आई व्यापाऱ्यापुढे पदर पसरून बसते आणि एवढंच म्हणते, ‘‘बिनतोंडी चालंल दादा. मुकी तेवढी देऊ नका.’’