फवारणी पंप विकत घ्यावा की भाड्याने आणावा?

भागाकार सोपा आहे: पंपाची किंमत ÷ एका दिवसाचं भाडं = किती दिवसांनी पैसे वसूल. समजा बॅटरी पंप ३,६०० रुपयांचा आणि भाडं रोज १५० रुपये, म्हणजे २४ दिवस. पराटी (कपाशी)-तुरीला हंगामात १२ दिवस फवारणी होत असेल, तर दोन हंगाम. पण हिशेब इथंच फसतो, कारण साधारण तेवढ्यातच बॅटरी बसते. नवीचे १,२०० धरा: ४,८०० ÷ १५० = ३२ दिवस, म्हणजे तिसरा हंगाम. मजुरी दोन्हीकडे सारखीच, ती धरू नका. चार्जिंगचा खर्च किरकोळ.

दोन एकराचं वावर, हंगामात चारच दिवस काम? मग आठ हंगाम लागतील, भाड्यानेच आणा.

फक्त भाड्याच्या पंपाने आधी तणनाशक मारलं होतं का, ते विचारा. टू-फोर-डी या तणनाशकाचा अंश टाकीत किंवा नळीत राहिला, तर पराटीची पानं भेंडीच्या पानासारखी निमुळती होतात. नुसत्या पाण्याने ते धड निघत नाही. ही जोखीम भागाकारात बसत नाही, पण पराटीवाल्याने ती धरावीच.

घरचा पंप हंगाम संपल्यावर तसाच टांगू नका. महिन्यातून एकदा चार्ज करा. रिकामी पडलेली बॅटरी पुढच्या खरिपात चार्ज धरत नाही.