गेम नक्की कुठे बसलाय, आणि सी ड्राइव्ह भरला की काय करायचं

लॅपटॉपच्या खोक्यावर ५१२ जीबी लिहिलेलं असतं आणि विंडोज दाखवतं ४७६. यात फसवणूक नाही. डिस्क बनवणारे हजाराच्या पटीत मोजतात आणि विंडोज १०२४च्या. त्यातून खुद्द विंडोज, ऑफिस, फोटो वगैरे वजा केलं की गेमसाठी उरतात जेमतेम साडेतीनशे जीबी. ‘रेड डेड रिडेम्प्शन २’ १५० जीबी मागतो, ‘बॉल्डर्स गेट ३’सुद्धा १५०. म्हणजे दोन गेम टाकले की सी ड्राइव्हची पट्टी लाल व्हायच्या बेतात येते.

लाल पट्टी दिसली की बहुतेक जण फाइल एक्सप्लोररमध्ये शिरतात, मोठा दिसेल तो फोल्डर धरतात आणि डिलीट तरी करतात, नाहीतर कट करून डी ड्राइव्हवर टाकतात. इथेच घोळ होतो. इन्स्टॉल केलेला गेम म्हणजे एक फोल्डर नव्हे. त्याचे तीन भाग असतात आणि ते तीन वेगळ्या ठिकाणी राहतात. पहिला भाग गेमच्या फाइलींचा. हा सगळ्यात अवजड, पण केव्हाही परत डाउनलोड करता येतो. दुसरा भाग म्हणजे लाँचरने (स्टीम, एपिक यांसारख्या गेम टाकणाऱ्या आणि चालवणाऱ्या प्रोग्रामने) ठेवलेली नोंद, ‘हा गेम अमुक ठिकाणी आहे’ एवढंच सांगणारी. तिसरा भाग तुमचा सेव्ह, म्हणजे खेळातली तुमची आजवरची मजल. तो बऱ्याचदा काही एमबींचाच असतो, पण एकदा गेला की कुठूनही परत डाउनलोड होत नाही. जागा करायची ती पहिल्या भागातून, आणि जपायचा तो तिसरा. मधल्या नोंदीला स्वतः हात न लावता ते काम लाँचरवर सोडायचं.

आधी जागा कुणी खाल्ली ते बघा

सेटिंग्ज, मग सिस्टम, मग स्टोरेज. इथे ढोबळ चित्र मिळतं. ‘इन्स्टॉल्ड ॲप्स’च्या यादीत गेमपुढे आकडा दिसला तरी त्यावर फार विसंबू नका. स्टीमच्या गेमपुढे तो अनेकदा दिसतच नाही, दिसलाच तर जुना असतो. त्यापेक्षा ‘विझट्री’ किंवा ‘विनडिरस्टॅट’ यांपैकी एक मोफत प्रोग्राम घ्या. विझट्री एनटीएफएस (विंडोजची फाइली मांडून ठेवायची नेहमीची पद्धत) ड्राइव्हची मूळ अनुक्रमणिकाच वाचतो, त्यामुळे अख्ख्या डिस्कचा हिशोब चहा गाळून होईपर्यंत समोर येतो. सगळ्यात मोठे दहा फोल्डर बघा. त्यांत गेम नसलेलंही काहीतरी हमखास सापडतं, आणि गेम उडवण्याआधी ते उडवलेलं बरं.

मग गेमचा पत्ता काढा

कुठल्याही गेमला चालणारी युक्ती अशी: गेम सुरू करा आणि कंट्रोल, शिफ्ट, एस्केप एकत्र दाबून टास्क मॅनेजर उघडा. यादीत गेमच्या नावावर राइट क्लिक करून ‘ओपन फाइल लोकेशन’ निवडा. फोल्डर समोर येतो. डेस्कटॉपवरच्या आयकॉनवरूनही हे जमतं, पण स्टीमने बनवलेला आयकॉन गेमकडे बोट दाखवत नाही. तो फक्त स्टीमला ‘अमुक क्रमांकाचा गेम सुरू कर’ असं सांगतो.

स्टीममध्ये तेवढेही कष्ट नाहीत. लायब्ररीत गेमवर राइट क्लिक, मग ‘मॅनेज’, मग ‘ब्राउझ लोकल फाइल्स’. सुरुवातीला काही न बदलता स्टीम टाकलं असेल तर सगळे गेम सी ड्राइव्हवर ‘प्रोग्राम फाइल्स (एक्स८६)’मधल्या ‘स्टीम’ फोल्डरात असतात. त्यात ‘स्टीमॲप्स’ आणि त्याच्या पोटात ‘कॉमन’.

‘स्टीमॲप्स’ एकदा उघडून बघण्यासारखा आहे. त्यात ‘ॲपमॅनिफेस्ट’ने सुरू होणाऱ्या आणि पुढे क्रमांक असलेल्या छोट्या फाइली दिसतील. काउंटर-स्ट्राइक २चा क्रमांक ७३०. ती फाइल नोटपॅडमध्ये उघडा: गेमचं नाव, फोल्डरचं नाव आणि डिस्कवरची जागा, सगळं साध्या मजकुरात लिहिलेलं असतं. गंमत म्हणजे गेम ‘२’ झाला तरी फोल्डरचं नाव अजून ‘काउंटर-स्ट्राइक ग्लोबल ऑफेन्सिव्ह’च आहे. ‘कॉमन’मध्ये ‘काउंटर-स्ट्राइक २’ शोधत बसलात तर हाती काही लागणार नाही, आणि जुना गेम समजून तो फोल्डर उडवलात तर नवाच उडेल. वर म्हटलेली नोंद ती हीच फाइल. फोल्डर हाताने उडवला तरी ही मागे राहते आणि स्टीम गेम असल्याचंच सांगत राहतं.

बाकीच्यांचे नेहमीचे पत्ते असे:

- एपिक: ‘प्रोग्राम फाइल्स’मधला ‘एपिक गेम्स’ फोल्डर. लायब्ररीत गेमच्या तीन टिंबांवर क्लिक करून ‘मॅनेज’मध्ये गेलात की पत्ता दिसतो.
- रायट, म्हणजे व्हॅलोरंट आणि लीग ऑफ लेजंड्स: थेट सी ड्राइव्हवर ‘रायट गेम्स’. त्यांचा चीटिंग पकडणारा प्रोग्राम व्हॅनगार्ड मात्र वेगळा, ‘प्रोग्राम फाइल्स’मध्ये.
- एक्सबॉक्स ॲप आणि गेम पास: ड्राइव्हच्या मुळाशी ‘एक्सबॉक्सगेम्स’. जुने गेम ‘विंडोजॲप्स’ या लपवलेल्या, कुलूपबंद फोल्डरात असू शकतात.
- जीओजी: ऑफलाइन इन्स्टॉलरने टाकलेले सी ड्राइव्हवर ‘जीओजी गेम्स’मध्ये, जीओजीच्या गॅलेक्सी या लाँचरमधून टाकलेले गॅलेक्सीच्याच फोल्डरातल्या ‘गेम्स’मध्ये.
- युबिसॉफ्ट: ‘प्रोग्राम फाइल्स (एक्स८६)’, ‘युबिसॉफ्ट’, ‘युबिसॉफ्ट गेम लाँचर’, ‘गेम्स’. सेव्ह त्याच्याच शेजारच्या ‘सेव्हगेम्स’मध्ये असतात, हे पुढे कामाला येईल.

हलवायचं कसं

स्टीमची सोय सगळ्यांत चांगली आहे.

१. स्टीमच्या सेटिंग्जमध्ये ‘स्टोरेज’ उघडा.
२. वरच्या ड्राइव्हच्या नावावर क्लिक करून ‘ॲड ड्राइव्ह’ने डी ड्राइव्ह जोडा. तिथे ‘स्टीमलायब्ररी’ नावाचा फोल्डर आपोआप तयार होतो.
३. परत सी ड्राइव्हवर या. खाली गेमची यादी जागेसकट दिसते.
४. हलवायच्या गेमवर टिचकी मारा, ‘मूव्ह’ दाबा आणि डी निवडा.
५. नवा ड्राइव्ह ‘डिफॉल्ट’ ठरवून टाका, म्हणजे पुढचा गेम मुकाट तिकडे जाईल.

साध्या हार्ड डिस्कवर १०० जीबी हलवायला पंधरा-वीस मिनिटं लागतात, छोट्या फाइली खूप असतील तर आणखी जास्त. तेवढा वेळ लॅपटॉप चार्जरला लावा आणि त्याला झोपू देऊ नका. गेम हलल्यावर काही बिनसलंच, तर गेमच्या ‘प्रॉपर्टीज’मधल्या ‘इन्स्टॉल्ड फाइल्स’मध्ये फाइली तपासण्याची सोय आहे. जे बिघडलं तेवढंच स्टीम पुन्हा उतरवतं.

एपिकवर फोल्डर नुसता उचलून दुसरीकडे ठेवला तर लाँचर गोंधळतो. तिथली जुनी, खात्रीची रीत अशी: गेमच्या फोल्डरची प्रत दुसऱ्या ड्राइव्हवर काढून ठेवा. लाँचरमधून गेम काढून टाका. मग तोच गेम डी ड्राइव्हवर इन्स्टॉल करायला घ्या. दोन-तीन टक्के झालं की थांबवा आणि लाँचर पूर्ण बंद करा. काढून ठेवलेली प्रत त्या नव्या फोल्डरात ओता, ‘रिप्लेस’ला हो म्हणा, लाँचर उघडून डाउनलोड पुढे चालू करा. फाइली आधीच हजर आहेत हे त्याच्या लक्षात येतं आणि तो फक्त त्या तपासून घेतो. द्राविडी प्राणायाम आहे खरा, पण महिन्याचा डेटा वाचतो.

जीओजी सगळ्यांत साधं. फोल्डर हवा तिथे हलवा आणि गॅलेक्सीत ‘मॅनेज इन्स्टॉलेशन’मधून तो आयात करा, झालं. एक्सबॉक्सच्या बाबतीत याच्या नेमकं उलटं. तिथे फोल्डरला हात लावूच नका. विंडोजच्या ‘इन्स्टॉल्ड ॲप्स’मध्ये गेमपुढच्या तीन टिंबांतून ‘मूव्ह’ निवडा, नाहीतर एक्सबॉक्स ॲपमधून ड्राइव्ह बदला. ‘विंडोजॲप्स’ची मालकी जबरदस्तीने स्वतःकडे घ्यायला शिकवणारे व्हिडिओ ढिगाने सापडतात. त्यांच्या नादी लागू नका. त्याच फोल्डरात विंडोजची स्वतःची ॲप्सही राहतात.

व्हॅलोरंटला हलवण्याचं बटण नाही. काढून नव्याने टाका आणि इन्स्टॉलरच्या ‘ॲडव्हान्स्ड ऑप्शन्स’मध्ये डी ड्राइव्ह द्या. तुमची रँक आणि स्किन खात्यावर असतात, डिस्कवर नाहीत. जातो तो फक्त डेटा.

आता सेव्ह

गेमच्या फोल्डरात सेव्ह असेल असं गृहीत धरणं ही सगळ्यात महागात पडणारी समजूत. बहुतेक गेम सेव्ह तिथे ठेवतच नाहीत. विंडोज की आणि आर एकत्र दाबा, येणाऱ्या चौकटीत दोन टक्केचिन्हांच्या मध्ये इंग्रजीत ‘ॲपडेटा’ लिहून एंटर मारा. उघडतो तो ‘रोमिंग’ फोल्डर. माइनक्राफ्टची जगं इथे ‘.माइनक्राफ्ट’मधल्या ‘सेव्ह्ज’ फोल्डरात, स्टारड्यू व्हॅलीची शेतं ‘स्टारड्यूव्हॅली’त आणि एल्डन रिंगचे सेव्ह ‘एल्डनरिंग’मध्ये असतात. एक पायरी मागे गेलात की शेजारी ‘लोकल’ आणि ‘लोकललो’ हे आणखी दोन फोल्डर दिसतील.

इथे एक ठोकताळा कामी येतो. युनिटी इंजिनवरचे (इंजिन म्हणजे गेम बनवायचं तयार सॉफ्टवेअर) गेम सहसा ‘लोकललो’मध्ये बनवणाऱ्या कंपनीच्या नावाने फोल्डर करतात. हॉलो नाइटचा सेव्ह त्यामुळे ‘टीम चेरी’ या नावाखाली सापडतो. अनरियल इंजिनवरचे गेम ‘लोकल’मध्ये गेमच्या, किंवा गेम बनत असतानाच्या कामचलाऊ नावाने फोल्डर करतात, त्यात ‘सेव्ह्ड’ आणि त्यात ‘सेव्हगेम्स’. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सचा ‘राजी’ हा २०२०चा गेमही अनरियलवरच बनलेला आहे, त्याचा सेव्ह आधी इथेच शोधावा. राहिलेले गेम ‘डॉक्युमेंट्स’मधल्या ‘माय गेम्स’मध्ये किंवा ‘सेव्ह्ड गेम्स’मध्ये सापडतात. जीटीए ५ ‘डॉक्युमेंट्स’मध्येच ‘रॉकस्टार गेम्स’ नावाने ठाण मांडतो. इतकं करूनही सापडलं नाही तर ‘पीसीगेमिंगविकी’वर गेमचं नाव टाका. तिथे बहुतेक गेमच्या पानावर सेव्हचा पत्ता दिलेला असतो.

‘डॉक्युमेंट्स’ म्हटलं की वनड्राइव्ह (मायक्रोसॉफ्टची फाइली इंटरनेटवर ठेवायची सोय) आलंच. नव्या लॅपटॉपवर ते ‘डॉक्युमेंट्स’ परस्पर स्वतःकडे ओढून घेतं. मोफत खात्याला जागा ५ जीबी. ती भरली की नवे सेव्ह वर चढेनासे होतात, आणि आपण मात्र निश्चिंत असतो. स्टीम क्लाउड या सेव्ह इंटरनेटवर ठेवणाऱ्या सोयीचंही तसंच: अनेक गेमना ते आहे, सगळ्यांना नाही. स्टोअरमधल्या गेमच्या पानावर सोयींच्या यादीत ‘स्टीम क्लाउड’ दिसलं तरच धरून चाला. माझं मत विचाराल तर क्लाउड असो-नसो, महिन्यातून एकदा सेव्हचे फोल्डर पेनड्राइव्हवर कॉपी करावेत.

फॉरमॅट मारायची वेळ आली की हे सगळं कसाला लागतं. दुकानातला मुलगा विचारतो, “सी मधलं काही ठेवायचंय का?” आपण ऐटीत सांगतो, “नाही, गेम सगळे डी मध्ये आहेत.” गेम खरंच वाचतात. नव्या विंडोजवर स्टीम टाकून ‘स्टोरेज’मध्ये डी ड्राइव्ह पुन्हा जोडला की सगळे गेम जसेच्या तसे दिसतात, काही उतरवावं लागत नाही. पण ‘ॲपडेटा’ आणि ‘डॉक्युमेंट्स’ दोन्ही सी वर होते. म्हणून लॅपटॉप दुकानात देण्याआधी हे दोन फोल्डर बाहेर काढा, सोबत ‘सेव्ह्ड गेम्स’ आणि युबिसॉफ्टचा ‘सेव्हगेम्स’ही. ‘ॲपडेटा’ लपवलेला असतो, तो दुकानदाराच्या बॅकअपमध्ये सहसा येत नाही.

कुठला गेम कुठल्या डिस्कवर

जुनी फिरती हार्ड डिस्क सेकंदाला शंभर-दीडशे एमबी वाचते, साटा एसएसडी (फिरता भाग नसलेली डिस्क) साडेपाचशेपर्यंत, एनव्हीएमई ही आणखी वेगवान एसएसडी त्याच्या कितीतरी पट. बॉल्डर्स गेट ३ आणि सायबरपंक २०७७ तर एसएसडीच मागतात. सध्या जो खेळताय तो एसएसडीवर ठेवा, संपवलेले आणि ‘कधीतरी खेळू’वाले हार्ड डिस्कवर. परत खेळावासा वाटला तर हलवणं डाउनलोडपेक्षा केव्हाही स्वस्त. बाहेरची डिस्क वापरत असाल तर ती एनटीएफएसमध्ये फॉरमॅट करा. एफएटी३२ वर ४ जीबीपेक्षा मोठी फाइल मावत नाही आणि हल्लीच्या गेममध्ये तसल्या फाइली ढिगाने असतात. डिस्क काढून लावल्यावर तिचं अक्षर बदललं की लाँचरला गेम सापडत नाहीत. अशा वेळी घाईने ‘इन्स्टॉल’ दाबू नका, ‘डिस्क मॅनेजमेंट’मध्ये जाऊन जुनं अक्षर परत द्या.

ड्राइव्ह काठोकाठ भरू नका, हे स्टीमसाठी विशेष. दोन जीबीच्या अपडेटलाही ते कधीकधी तीस-चाळीस जीबी रिकामी जागा मागतं, कारण मोठ्या फाइलींत बदल करताना त्यांची नवी प्रत आधी बाजूला रचावी लागते.

आणि हॉस्टेलवर राहणाऱ्यांसाठी: २०२३पासून स्टीम एकाच वायफायवरच्या दुसऱ्या संगणकावरून गेम उचलू शकतं. दोघांकडे तो गेम विकत घेतलेला हवा आणि दोघांचं स्टीम चालू हवं. सेटिंग्जच्या ‘डाउनलोड्स’मध्ये लोकल नेटवर्कवरून फाइली देण्याचा पर्याय ‘फक्त मित्र’वर ठेवा आणि नेहमीसारखं ‘इन्स्टॉल’ दाबा. रूममेट त्या वेळी गेम खेळत नसला म्हणजे झालं.