डिग्रीची साक्षांकित प्रत युनिव्हर्सिटीकडून कशी काढायची

आधी एक काम करा, ज्यांनी कागद मागितलाय त्यांनाच मेल टाकून विचारा की नक्की काय पाहिजे, कारण साक्षांकित प्रत, डुप्लिकेट डिग्री आणि ट्रान्सक्रिप्ट या तीन वेगळ्या गोष्टी आहेत. साक्षांकित प्रत म्हणजे तुमच्या डिग्रीची झेरॉक्स, ओरिजिनल बघून युनिव्हर्सिटीने सही-शिक्का मारलेली. डुप्लिकेट म्हणजे ओरिजिनल हरवली की परत छापून मिळते ती. ट्रान्सक्रिप्ट म्हणजे सगळ्या वर्षांच्या मार्कांचा एकत्र उतारा. माझ्या ताईने न विचारता ट्रान्सक्रिप्टसाठी अर्ज केला, महिना गेला, आणि समोरच्यांना हवी होती फक्त शिक्का मारलेली झेरॉक्स! खूप वाईट वाटलं तेव्हा, म्हणून हे लिहितोय.

इथल्याच नोकरीसाठी असेल तर बऱ्याचदा युनिव्हर्सिटीत जायचीही गरज नसते. महाराष्ट्र सरकारने 2015 मध्येच स्वतः सही केलेली झेरॉक्स चालेल असं ठरवलंय. आणि डिजिलॉकरमध्ये (सरकारचं कागदपत्रं ऑनलाइन ठेवायचं ॲप) तुमची डिग्री दिसत असेल तर ती कायद्याने ओरिजिनलच्या बरोबरीची धरतात, पण ती युनिव्हर्सिटीने तिथे टाकलेली असायला पाहिजे, तुम्ही स्वतः स्कॅन करून अपलोड केलेली नाही.

तरी प्रत लागणारच असेल तर ओरिजिनल डिग्री, सगळ्या मार्कशीट, आधार किंवा पासपोर्ट आणि प्रत्येकाच्या स्वच्छ झेरॉक्स काढून ठेवा. पीआरएन नंबर (युनिव्हर्सिटीने दिलेला कायमचा नोंदणी क्रमांक), सीट नंबर, परीक्षेचा महिना आणि वर्ष, कॉलेजचं नाव एका कागदावर लिहून घ्या, जुन्या बॅचवाल्यांनी तर नक्कीच, कारण जुनं रेकॉर्ड शोधायचं म्हटलं की यावरच सगळं अवलंबून असतं. मुंबई युनिव्हर्सिटीचा परीक्षा विभाग कलिन्याला महात्मा जोतिराव फुले भवनात आहे, फोर्टला नाही, तिकडे उगाच जाऊ नका. पुणेकरांना गणेशखिंड. जायच्या आधी वेबसाइटवर फॉर्म आणि फी त्याच दिवशी बघा, मित्राने दोन वर्षांपूर्वी भरलेली फी धरून चालू नका. स्वतः जमत नसेल तर घरच्या कुणाला सहीचं अधिकारपत्र आणि दोघांचे आयडी देऊन पाठवता येईल का तेही आधीच विचारा.

सेट मात्र जास्तीचे घ्या, तीन-चार तरी, परत खेप पडत नाही. खिडकीवरून हलायच्या आधी प्रत्येक पानावर शिक्का नीट उमटलाय का, सहीखाली हुद्दा आहे का, नावाचं स्पेलिंग पासपोर्टशी जुळतं का ते तिथेच बघा. लग्नानंतर आडनाव बदललं असेल तर डिग्री माहेरच्या नावावरच असते, मग सोबत मॅरेज सर्टिफिकेट जोडा. आणि समोरच्यांना द्यायला युनिव्हर्सिटीने प्रती सीलबंद पाकिटात घालून दिल्या असतील तर कितीही वाटलं तरी ते फोडायचं नाही, फोडलं की ते पाकीट वाया गेलं.

ओरिजिनलच हरवलीय? मग आधी पोलिसांत गहाळ झाल्याची नोंद, मग प्रतिज्ञापत्र, आणि ते दोन्ही लावून डुप्लिकेटचा अर्ज. याला वेळ लागतो, त्यामुळे व्हिसाची तारीख जवळ यायची वाट बघत बसू नका.

परदेशासाठी असेल तर युनिव्हर्सिटीच्या शिक्क्यावर भागत नाही. हेग करारातला (एकमेकांचे कागद एकाच शिक्क्यावर मान्य करायचं ठरवलेल्या देशांपैकी) देश असेल तर अपोस्टिल, म्हणजे कागद खरा असल्याचा सरकारी दाखला लागतो, भारतात हे 2005 पासून आहे, आधी राज्य सरकारकडून पडताळणी आणि मग परराष्ट्र मंत्रालयाचा स्टिकर. कॅनडाला हा करार 2024 पासून लागू झाला, दुबईवाले अजून नाहीत म्हणून तिथे दूतावासाचा शिक्का वेगळा घ्यावा लागतो. हा स्टिकर बहुतेक वेळा ओरिजिनलच्याच मागे लावतात, म्हणून डिग्री हातात आली की प्रेमाने लॅमिनेट करू नका, साध्या प्लास्टिक फोल्डरात ठेवा.