जुन्या खेळाचा सर्व्हर चालता ठेवताना

इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षी आम्ही ठाण्यातल्या सहा मित्रांनी ब्राउझरक्वेस्ट या ब्राउझरमध्ये अनेकांनी मिळून खेळायच्या खेळाचा स्वतःचा सर्व्हर, म्हणजे सगळ्या खेळाडूंना जोडणारा कॉम्प्युटर, उभा केला. फायरफॉक्स ब्राउझर बनवणाऱ्या मोझिलाने २०१२ साली लिटल वर्कशॉप या स्टुडिओकडून हा खेळ करून घेतला होता. डाउनलोड काही नाही. पान उघडायचं, नाव टाकायचं आणि उंदीर, खेकडे मारत फिरायचं. मूळ सर्व्हर कधीच बंद झाला, पण कोड एमपीएल २.० आणि चित्रं सीसी-बाय-एसए ३.० या परवान्यांखाली खुली आहेत, म्हणजे अटी पाळून कुणीही वापरू शकतं. म्हणूनच आम्ही हा खेळ निवडला. तुम्हीही सगळ्यात आधी परवाना वाचा. कंपनीच्या मालकीच्या खेळाचा सर्व्हर परस्पर चालवला, तर एका नोटिशीत सगळी मेहनत पाण्यात जाते.

सुरुवात घरच्या जुन्या कॉम्प्युटरवर केली. नौपाड्यातल्या आमच्या ब्रॉडबँडला स्वतंत्र पब्लिक आयपी, म्हणजे इंटरनेटवरचा स्वतःचा पत्ता, नव्हता, त्यामुळे बाहेरून कुणाला जोडताच येईना. शेवटी एक जीबी मेमरीचा छोटा व्हीपीएस, म्हणजे इंटरनेटवरचा आभासी कॉम्प्युटर, भाड्याने घेतला. कोड नोड या जावास्क्रिप्ट चालवणाऱ्या प्रणालीच्या जुन्या आवृत्तीसाठी लिहिलेला, नव्यावर चालेना. वेबसॉकेटची (ब्राउझर आणि सर्व्हरमधल्या सतत चालू जोडणीची) लायब्ररी बदलण्यात तीन रात्री गेल्या. सेटिंगमध्ये मुळात पाच जगं (त्याच खेळाच्या वेगवेगळ्या प्रती) आणि प्रत्येकात २०० खेळाडू असा हिशेब असतो. दहा-बारा जणांना एक जग पुरतं. उरलेली चार रिकामी जगं मेमरी खातात, ती काढून टाका.

मग एका शनिवारी एक नवा खेळाडू आला आणि पहिल्याच क्षणी त्याच्या अंगावर सोन्याचं चिलखत, हातात सोन्याची तलवार! आमच्यातल्या एकीला ते मिळवायला दोन आठवडे लागले होते. ती काही बोलली नाही, नुसती लॉग-आउट झाली. कोड उघडला तेव्हा कारण समजलं. या खेळात पात्राची माहिती खेळाडूच्या ब्राउझरमध्येच साठवलेली असते. जोडताना ब्राउझर नावाबरोबर चिलखत आणि तलवारही सांगतो, आणि सर्व्हर ते खरं मानतो. कुणीही ती नोंद हाताने बदलू शकतो. शिवाय ब्राउझर साफ केला की प्रामाणिक माणसाची कमाईही गेली. आम्ही सगळ्या नोंदी सर्व्हरवर रेडिस या डेटाबेसमध्ये हलवल्या. ब्राउझरकडून आलेल्या माहितीवर विसंबायचं नाही, हे मी कॉलेजात वाचलं होतं; पटलं ते त्या रात्री.

दुसरं दुखणं वेगळं होतं. कोपऱ्यात शांत उभं राहिलेलं माणूस बरोबर एका मिनिटाने बाहेर फेकलं जायचं. ब्राउझर आणि खेळाच्या सर्व्हरमध्ये बसवलेला एनजिनएक्स हा मध्यस्थ प्रोग्राम ६० सेकंद खेळाच्या सर्व्हरकडून काही आलं नाही तर जोडणी तोडतो. ती मुदत वाढवली आणि अधूनमधून पिंग, म्हणजे जोडणी जिवंत ठेवणारा छोटा संदेश, पाठवायला लागलो. पान एचटीटीपीएसवर (सुरक्षित जोडणीवर) असेल तर वेबसॉकेटही सुरक्षितच लागतं, म्हणून लेट्स एन्क्रिप्ट या मोफत सेवेचं सुरक्षा प्रमाणपत्र घेतलं. ते ९० दिवसांत संपतं. नूतनीकरण आपोआप होतंय ना, हे स्वतः पाहत जा.

पण आमचा सर्व्हर खरोखर बंद पडला तो डोमेनमुळे, म्हणजे साइटच्या नोंदवलेल्या नावामुळे. ते ज्या मित्राच्या ईमेलवर होतं, तो नोकरीसाठी दुसऱ्या शहरात गेला आणि त्याने जुना ईमेल उघडणंच सोडलं. मुदत संपल्याच्या सूचना तिथेच पडून राहिल्या. नाव गेलं आणि त्याबरोबर पत्ता पाठ असलेले निम्मे खेळाडूही. त्याला दोष देत नाही, ती व्यवस्था आम्हा सगळ्यांची होती. आता प्रत्येक पासवर्ड निदान दोघांकडे असतो. भाड्यासाठी भिशीसारखे दरमहा शंभर रुपये काढतो आणि हिशेबाची वही सगळ्यांना दिसते.

खेळाडू टिकवण्याबद्दल एवढंच सांगेन: वेळ ठरवा. आमची शनिवारी रात्री नऊची आहे. एरवी जग ओस दिसतं आणि नवा माणूस दोन मिनिटांत निघून जातो.

ऐरोलीतल्या नोकरीच्या मुलाखतीत मला विचारलं होतं, "एखादी सेवा बंद पडली तर काय कराल?" मी डोमेनची गोष्ट सांगितली, तारखांसकट. पुढची वीस मिनिटं त्यावरच बोलणं झालं.

येत्या शनिवारी बॅकअप रिकाम्या मशीनवर परत आणायची तालीम आहे. कळव्याची पहिल्या वर्षाची एक मुलगी ती करणार आहे. मी फक्त शेजारी बसेन.