बेसबॉल स्टेडियममध्ये बसण्यासाठी जागा कशी निवडावी

मुलांकडे उन्हाळा घालवण्यासाठी अमेरिकेत गेलेले आईवडील असोत किंवा नोकरीनिमित्त तिथेच स्थिरावलेले कुटुंब असो, बेसबॉलचा पहिला सामना पाहायला जाताना अनेक मराठी माणसे क्रिकेटच्या सवयीने तिकीट काढतात. मैदानाला शक्य तितकी लागून असलेली जागा मिळाली की झाले, ती कोणत्या बाजूला आहे याचा फारसा विचार होत नाही. वानखेडेवर किंवा गहुंजेला हे खपून जाते, कारण खेळपट्टी मैदानाच्या मधोमध असते आणि कोणत्याही स्टँडपासून तिचे अंतर फारसे बदलत नाही. बेसबॉलमध्ये सारा खेळ मैदानाच्या एका कोपऱ्यातून सुरू होतो. त्यामुळे जागा निवडताना आधी कोन पाहावा आणि जवळीक नंतर पाहावी.

हा कोपरा म्हणजे होम प्लेट. बॅटर तिथे उभा राहतो, त्याच्यामागे कॅचर बसतो आणि ६० फूट ६ इंचांवरून पिचर चेंडू फेकतो. होम प्लेटपासून काटकोनात दोन रेषा निघतात, उजवीकडची फर्स्ट बेसवरून जाते आणि डावीकडची थर्ड बेसवरून. होम प्लेट धरून चार बेसचा चौकोन होतो, सेकंड बेस होम प्लेटच्या समोर येतो आणि शेजारच्या दोन बेसमध्ये ९० फुटांचे अंतर असते. समोरचे मधले कुंपण मात्र बहुतेक मैदानांत होम प्लेटपासून ४०० फुटांच्या आसपास असते. म्हणजे त्या कुंपणामागच्या पहिल्या रांगेत बसलेला प्रेक्षक मैदानाला अगदी चिकटून असला, तरी ज्या चेंडूवर सारा खेळ अवलंबून आहे त्यापासून तो सर्वांत दूर असतो. तिकीट काढण्यापूर्वी स्टेडियमचा नकाशा उघडावा, त्यावर होम प्लेट शोधावी आणि पुढचा सगळा विचार तिथून करावा.

यानंतर आपल्याला काय पाहायचे आहे ते ठरवावे. खेळ समजून घ्यायचा असेल, तर होम प्लेटच्या मागची, पण वरच्या मजल्यावरची जागा पहिल्या सामन्यासाठी सर्वांत चांगली, असे माझे ठाम मत आहे. पिचरने फेकलेला चेंडू प्लेटजवळ येताना कोणत्या बाजूला वळतो ते तिथून कळते. बॅटरनुसार क्षेत्ररक्षक कसे सरकतात, फटका बसताच कोण कुठे धावते, सेकंड बेसवरचा धावपटू होम प्लेट गाठण्याचा धोका पत्करतो की थांबतो, हे सारे एकाच नजरेत मावते. खालच्या मजल्यावर आउटफिल्डजवळ (म्हणजे बेसच्या पलीकडे कुंपणापर्यंतच्या, लेफ्ट, सेंटर आणि राइट अशा तीन भागांच्या मैदानाजवळ) बसल्यास याच गोष्टी तुकड्यातुकड्याने दिसतात, आणि पैसे कधीकधी जास्त मोजलेले असतात. खेळाडूंचे चेहरे, त्यांची आपापसातली बोलणी, बॅटला चेंडू लागल्याचा आवाज यांची ओढ असेल, तर मात्र खालच्या मजल्यावर डगआउटजवळ, म्हणजे संघाच्या बसण्याच्या छपराखालच्या जागेजवळ बसावे.

फर्स्ट बेस आणि थर्ड बेस या दोन बाजूंपैकी निवड करताना यजमान संघाचे डगआउट कुठे आहे ते पाहावे, कारण याबाबत सर्वत्र लागू होणारा नियम नाही. न्यूयॉर्कचे यांकीज आणि मेट्स तसेच बॉस्टनचे रेड सॉक्स फर्स्ट बेसच्या बाजूला बसतात, तर सॅन फ्रान्सिस्कोचे जायंट्स, लॉस एंजेलिसचे डॉजर्स आणि शिकागोचे कब्ज थर्ड बेसच्या बाजूला. आपल्या डगआउटच्या वरच बसलो, तर त्यातले खेळाडू दिसत नाहीत, छप्पर तेवढे दिसते. लाडका संघ डोळ्यांसमोर हवा असेल, तर त्याच्या समोरच्या बाजूचे तिकीट घ्यावे.

उन्हाचा विचार पुष्कळ जण विसरतात, आणि जुलैच्या दुपारी ती चूक तीन तास सोसावी लागते. होम प्लेटपासून पिचरवरून सेकंड बेसकडे जाणारी रेषा पूर्व-ईशान्येकडे असणे इष्ट, असे नियमपुस्तिका सांगते. दुपारी बॅटरच्या डोळ्यांवर ऊन येऊ नये हा त्यामागचा हेतू. ज्या मैदानांची मांडणी अशी आहे, तिथे दुपार कलू लागताच होम प्लेटच्या मागे आणि थर्ड बेसच्या बाजूला आधी सावली येते, तर राइट फिल्डमागच्या प्रेक्षकांच्या थेट डोळ्यांवर ऊन येते. संध्याकाळी सातच्या सामन्यातही उन्हाळ्यात पहिला तास-दीड तास हीच स्थिती असते. सगळी मैदाने या दिशेत बांधलेली नाहीत, म्हणून नकाशावर उत्तर दिशा कोणती ते एकदा पाहून घ्यावे. ह्यूस्टन, आर्लिंग्टन, फिनिक्स, मिलवॉकी, मायामी यांसारख्या ठिकाणी छत मिटता-उघडता येते, आणि कडक उन्हात ते बहुधा बंद ठेवतात, त्यामुळे तिथे ही काळजी कमी. सॅन फ्रान्सिस्कोच्या ओरॅकल पार्कमध्ये हिशेब उलटा होतो. खाडीवरून येणाऱ्या वाऱ्यामुळे तिथे जुलैच्या रात्रीसुद्धा जाकीट लागते, म्हणून दिवसाच्या सामन्याला उन्हातलीच जागा शोधावी.

सावलीसाठी आणखी एक सोय असते. खालच्या मजल्याच्या शेवटच्या काही रांगांवर वरच्या मजल्याचे छत येते, त्यामुळे ऊन आणि पाऊस दोन्ही टळतात. मात्र उंच उडालेला चेंडू त्या छताआड जातो आणि मोठा धावफलकही काही वेळा झाकला जातो. लहान मुले किंवा उन्हाचा त्रास होणारी माणसे सोबत असतील, तर ही तडजोड खुशाल करावी.

जुन्या मैदानांत वेगळीच खबरदारी घ्यावी लागते. बॉस्टनचे फेनवे पार्क १९१२ मध्ये आणि शिकागोचे रिग्ली फील्ड १९१४ मध्ये सुरू झाले, आणि दोन्हींमध्ये वरच्या बांधकामाला आधार देणारे खांब अजून प्रेक्षकांच्या मधोमध उभे आहेत. अशा खांबामागे बसल्यास कधी पिचर दिसत नाही, तर कधी बॅटर. तिकिटावर दृश्यात अडथळा असल्याची सूचना बारीक अक्षरांत दिलेली असते, ती वाचल्याशिवाय पैसे भरू नयेत. फेनवेच्या राइट फिल्डकडील काही आसनांची तोंडे होम प्लेटकडे नसून सेंटर फिल्डकडे आहेत, त्यामुळे तिथे संपूर्ण सामना मान वळवून पाहावा लागतो. याच मैदानात लेफ्ट फिल्डला ‘ग्रीन मॉन्स्टर’ नावाची सुमारे ३७ फूट उंचीची हिरवी भिंत आहे, आणि २००३ पासून तिच्या माथ्यावर आसने आहेत. कुंपणामागे असूनही ती जागा उत्तम, कारण भिंत होम प्लेटपासून जेमतेम ३१० फुटांवर आहे आणि उंचीमुळे सारे मैदान खाली पसरलेले दिसते.

सुरक्षिततेच्या बाबतीत संकोच करू नये. फाउल, म्हणजे त्या दोन रेषांच्या बाहेर गेलेला सपाट फटका ताशी १६० किलोमीटरहून अधिक वेगाने प्रेक्षकांत येऊ शकतो, आणि मोबाइलमध्ये डोके घातलेल्या माणसाला हलायलाही वेळ मिळत नाही. काही प्रेक्षकांना गंभीर इजा झाल्यानंतर, मेजर लीग बेसबॉल या प्रमुख लीगच्या सर्व ३० संघांनी संरक्षक जाळी डगआउटच्या पलीकडेपर्यंत वाढवण्याचे २०१९ च्या अखेरीस जाहीर केले. जाळी नेमकी कुठे संपते हे मैदानागणिक बदलते. लहान मूल सोबत असेल, तर जाळीमागेच किंवा वरच्या मजल्यावर बसावे. जाळीतून पाहण्याची सवय काही मिनिटांत होते.

ज्येष्ठांना घेऊन जाताना पायऱ्यांचा विचार आधी करावा. वरचे मजले चांगलेच उभे असतात आणि दोन्ही हातांना धरायला कठडा असेलच असे नाही. डेन्व्हरच्या कूर्स फील्डमध्ये वरच्या मजल्यावर जांभळ्या आसनांची एक रांग आहे, ती समुद्रसपाटीपासून बरोबर एक मैल उंचीवर. तिथल्या विरळ हवेत वीस रांगा चढणे मुंबईहून नुकत्याच आलेल्या सत्तरीच्या माणसाला जड जाते. अशा वेळी वरच्या मजल्याच्या पहिल्या काही रांगा घ्याव्यात, मात्र त्यांच्यासमोर कठडा आडवा येत नाही ना ते पाहावे. गुडघ्यांचा त्रास असेल, तर लिफ्टजवळची, पायऱ्या नसलेली जागा तिकीट खिडकीवर मागावी. अशा जागा राखून ठेवणे अमेरिकेत कायद्याने बंधनकारक आहे.

सचिन तेंडुलकर आणि शेन वॉर्न यांच्या संघांचे सामने नोव्हेंबर २०१५ मध्ये न्यूयॉर्क, ह्यूस्टन आणि लॉस एंजेलिस येथील बेसबॉल मैदानांवर झाले होते. ते पाहिलेल्यांनी त्या दिवशीच्या जागेवरून बेसबॉलचा अंदाज बांधू नये, कारण तेव्हा क्रिकेटसाठी वेगळी तात्पुरती खेळपट्टी टाकली होती.

शेवटी पैशांचा प्रश्न. प्रत्येक संघ हंगामात ८१ सामने घरच्या मैदानावर खेळतो आणि एकाच खुर्चीची किंमत वार, प्रतिस्पर्धी आणि मागणीनुसार बदलते. प्रतिस्पर्धी कोण आहे याचे विशेष अगत्य नसेल, तर शनिवार-रविवार टाळून मंगळवार किंवा बुधवारचा सामना पाहावा. त्याच पैशांत बहुधा होम प्लेटच्या अधिक जवळ सरकता येते. जागा ठरली की तिकीट विक्रीच्या पानावर त्या सेक्शनमधून दिसणारे मैदानाचे छायाचित्र उघडावे, होम प्लेट, पिचर आणि फर्स्ट बेस हे तिन्ही त्यात विनाअडथळा दिसत आहेत याची खात्री करून घ्यावी आणि मगच पैसे भरावेत.